गाडीभर फळ्या

शाळा बंद झाल्याचं दोकसूला कळलं, तेव्हा हातोडी त्याच्याच हातात होती. मुकादम ओकुदाने त्याला सकाळी कामावर आणलं होतं, पण काम कसलं ते सांगितलं नव्हतं. समोर ओसाकातल्या कोरियन वस्तीची शाळा. युद्ध संपल्यावर वस्तीने आपल्या हातांनी बांधलेली. दारात पोलीस. रस्त्यावर पोरं, त्यांत त्याची लेक पुन्नी. आणि हातगाडीवर देवदाराच्या कोऱ्या फळ्या.

"बघतोस काय, कानेयामा? दार-खिडक्या ठोकून टाक," ओकुदा म्हणाला. कामावर दोकसूला याच जपानी नावाने हाक मारत.

कोरियन शाळा बंद करायचा हुकूम घेऊन आलेला सरकारी साहेब मात्र गोड बोलत होता. "पोरांना जपानी शाळेत घाला की. फुकट आहे."

"तिथे नाक दाबून माझ्या नातवाला लसण्या म्हणतात," शेजारची म्हातारी म्हणाली. "तेही फुकटच."

दोकसूने दोन फळ्या उतरवल्या. जमिनीवर शेजारी शेजारी ठेवल्या. त्यांच्यावरून हात फिरवला. कुठे गाठ नाही, तडा नाही.

"दार तिकडे आहे," ओकुदा म्हणाला. "जमिनीला खिळे मारतोस की काय?"

"मुकादम, एवढं लाकूड मिळालं कुठे?" दोकसूने विचारलं.

"सरकारी वखारीतून. ढीग पडलाय."

"गेल्या थंडीतही होता?"

"असेल की. का रे?"

गेल्या थंडीत पुन्नीची आई गेली. या शाळेच्या भिंतींसाठी तिने डोक्यावरून वाळू वाहिली होती. तिच्या शवपेटीसाठी दोकसूने त्याच वखारीच्या खिडकीशी हात जोडले. लाकूड नाही, म्हणाले. गुरुजी शाळेतली दोन बाकं मोडायला निघाले, तर दोकसूनेच त्यांना अडवलं. "राहू द्या, गुरुजी. पोरं कशावर बसतील?" मग तिला गवताच्या चटईत गुंडाळून नेलं.

दोकसूने हातोडी ओकुदाच्या पायाशी ठेवली.

"माझं नाव शिम दोकसू. हे काम तुमच्या त्या कानेयामाला सांगा."

तो पुन्नीचा हात धरून म्हातारीशेजारी जाऊन उभा राहिला.

दार दुसऱ्या कुणी तरी ठोकलं. ती दोन बाकं आत धडधाकट आहेत. दार अजून उघडायचं आहे.