कुणी शिकवलं?

"पुन्हा," पाद्रीबाबा म्हणाले. "घाई नाही, थॉमसिनबाई. आमच्या बापा... हं, पुढे?"

थॉमसिन गुडघ्यांवर बसली होती. फरशीचा गारवा हाडांत शिरला होता, तरी तिला काही वाटत नव्हतं. मागे खांबापाशी गावातली माणसं आपापल्या पापांची कबुली द्यायला ताटकळत उभी होती. त्यांची कुजबुज तिला नीट ऐकू येत होती. थॉमसिनच्या डोक्यात मेंदू नाही, लोकर भरलीय, असं कोणीतरी म्हणालं आणि बाकीचे हसले.

राजाचा हुकूमच तसा होता. प्रभूची प्रार्थना ज्याला आपल्या भाषेत, इंग्रजीत, म्हणता येणार नाही, त्याला ईस्टरच्या दिवशी पवित्र भाकर मिळायची नाही. लॅटिन चालणार नाही. वा रे न्याय! याच गावात, हीच प्रार्थना इंग्रजीत म्हणतो म्हणून थॉमसिनच्या बापाला, हॅमंड विणकराला, बाजारच्या चौकात जिवंत जाळलं होतं. आता तेच शब्द दर रविवारी वेदीपुढून एकेक ओळ करून सगळ्या गावाकडून घोकून घेत होते. खांबाला साखळीनं बांधून इंग्रजी बायबलही ठेवलं होतं, ज्याला येईल त्यानं वाचावं म्हणून. काल ज्याला सुळावर चढवलं, त्याचीच आज पालखी.

थॉमसिनला त्याचा राग आला नाही. रडूही आलं नाही. आतलं सगळं कधीच बधिर होऊन गेलं होतं. बापाला जाळलं तेव्हा ती सात वर्षांची होती. जळणाऱ्याच्या लेकरानंच सरपण आणायचं, अशी शिक्षा होती. दोन हातांत मावेल एवढी मोळी तिनं नेऊन ठेवली होती.

हॅमंडची चुगली कोणी केली ते गावाला कधी कळलं नाही. आईचा संशय शेजारच्या मॉडवर होता. मॉड मेणबत्त्या करून विकायची. आई मरेपर्यंत तिच्याशी बोलली नाही, दिसली की थुंकायची. मॉड बिचारी शपथा घेऊन घेऊन थकली. ती गेली तेव्हा खांदा द्यायलाही शेजारपाजारचं कोणी आलं नाही. थॉमसिननं ते सगळं डोळ्यांनी पाहिलं आणि ब्र काढला नाही.

आता प्रश्न तिच्या एकटीचा असता तर ती भाकरीवाचून राहिली असती. पण सिसलीचं, तिच्या मुलीचं, लग्न ठरलं होतं. पाणचक्कीवाल्याचा वॉट. पोरगा सरळ होता, दोघांचं एकमेकांवर मन बसलं होतं. पण चक्कीवाल्यानं निरोप धाडला होता की आधीच ते जळक्याचं घर, त्यात ईस्टरला आई वेदीवरून रिकाम्या तोंडानं परत आली, तर त्या घरची सून मला नको. सकाळी सिसलीनं खारवलेल्या माशाचं ताट आईपुढे सरकवलं.

"आई, तुला येते ती प्रार्थना," ती म्हणाली. "झोपेत म्हणतेस. मी लहानपणापासून ऐकत आलेय."

थॉमसिननं मासा खाल्ला. खारट आहे की अळणी, तिला कळलं नाही.

पाद्रीबाबा काही वाईट माणूस नव्हते. गेल्याच वर्षी या गावात आले होते, जुनं त्यांना काही ठाऊक नव्हतं. आजचा शेवटचा दिवस आहे, असं त्यांनी हळू आवाजात सांगितलं. आज नाही म्हटलीस तर माझाही इलाज नाही, मुलीकडे तरी बघ, असंही म्हणाले.

थॉमसिननं मागे बघितलं. सिसली खांबाला टेकून उभी होती, ॲप्रनचं टोक पिळत होती. थॉमसिन पुढे वळली आणि म्हणू लागली. आमच्या बापापासून आमेनपर्यंत, कुठेही न अडखळता. सुताची लड मोजावी तसा सपाट आवाज. मागची कुजबुज थांबली.

पाद्रीबाबांचा चेहरा उजळला. त्यांनी तिच्या डोक्यावर हात ठेवला.

"अगं, माझ्यापेक्षा स्वच्छ म्हणतेस की! कुणी शिकवलं तुला?"

बापाला धरून नेलं त्याच्या आधी दारात आलेला पाद्री परगावचा होता, असाच गोड बोलणारा. बाप मागावर बसला होता, आई पाण्याला गेली होती. दारात खेळणाऱ्या थॉमसिनच्या हातावर त्यानं नासपतीचं सुकवलेलं फळ ठेवलं आणि एखादी प्रार्थना येते का, असं विचारलं. तिनं एकही चूक न करता म्हणून दाखवली. त्यानंही डोक्यावर असाच हात ठेवला होता, कौतुकानं हेच विचारलं होतं, आणि तिनं ऐटीत आत बोट दाखवलं होतं.

थॉमसिननं मान वर केली नाही.

"कुणी नाही, पाद्रीबाबा," ती म्हणाली. "माझ्या बापाला ती येतच नव्हती."