भाकरीची झडती

एकाहत्तरचं युद्ध पेटलं आणि तळेगावजवळच्या त्या कारखान्यात घातपाताच्या भीतीनं फाटकावर झडती सुरू झाली. पहारेकऱ्यानं झाडूवाल्या बायडाबाईचं फडकं सोडलं, आतली भाकरीसुद्धा मोडून पाहिली. तेवढ्यात मोठे साहेब आले.

“साहेब, ही आपलीच ना?”

साहेबांनी तिला खालून वरपर्यंत न्याहाळलं. “मी नाही ओळखत हिला.”

सहा वर्षं ती त्यांचीच खोली झाडत होती. भाकरीचे तुकडे फडक्यात बांधत बायडाबाई म्हणाली, “नगा वळखू. पन साहेब, काल त्यो टायवाला पाव्हना तुमच्या टेबलाखाली पेटी ठिवून गेला. सांजच्याला झाडताना मला दिसली. ती उघडून बघितली का कुनी?”