एकोणीस दिवस

“भोगली तेवढी शिक्षा पुरे आहे,” न्यायमूर्ती म्हणाले आणि त्यांनी पुढची फाईल उघडली.

दरियावला कमी ऐकू यायचं. तो वकिलाच्या तोंडाकडे बघत राहिला. मलिक वकील त्याच्या कानाशी वाकले. “ताऊ, सुटलात! तेव्हा एकोणीस दिवस आत होतात ना, तेवढ्यावर भागलं. सहा महिन्यांची कैद गेली.”

मागच्या बाकावर त्याची बायको शरबती बसली होती. तिनं ओढणी तोंडात कोंबली. एवढ्या काळ्या कोटांसमोर तिला रडायचं नव्हतं.

दुधाचा नमुना घेतला तेव्हा दरियाव चाळिशीचा होता. सायकलला दोन कॅन अडकवून तो गावातून जींदला म्हशीचं दूध घालायचा. एके सकाळी चौकात अन्न निरीक्षकानं अडवलं, तीन बाटल्या भरल्या आणि लाखेची मोहोर लावली. अहवाल आला, दुधात पाणी आहे. मग खालच्या कोर्टात चौदा वर्षं गेली, त्याच्या वरच्या कोर्टात चार आणि इथे चंदीगडला पंधरा. तोवर तो निरीक्षक वारला. दरियावचे दात पडले.

प्रत्येक कोर्टात त्यानं एकच सांगितलं, “म्हशीच्या गळ्याची शपथ, मी थेंबभर पाणी घातलेलं नाही.”

आणि प्रत्येक तारखेला शरबती त्याच्याबरोबर गेली. अंगात ताप असताना गेली, धाकटा पोटात असताना गेली. फडक्यात रोट्या, कांदा आणि बाटलीभर ताक. तेहतीस वर्षांत ती नवऱ्याला उलटून एक शब्द बोलली नाही. गाव त्या निरीक्षकाच्या नावानं बोटं मोडायचं, ती मात्र कधी नाही. “त्यानं त्याचं काम केलं,” एवढंच म्हणायची. बायका म्हणायच्या, देवानं माती वेगळी घेतली हिच्यासाठी.

दालनाबाहेर आल्यावर ती पुन्हा दाराकडे वळली. शिपायानं हात आडवा केला.

“माई, कुठे?”

“साहेबांच्या पाया पडायचंय.”

“इथे तसलं चालत नाही.”

“मग तुम्हीच सांगा त्यांना. म्हणावं, म्हातारी आयुष्यभर नाव घेईल.”

शिपाई हसला. “सांगतो हं.”

तिनं बंद दारालाच हात जोडले. न्यायमूर्तींचं बोलणं वकिलांनी तिला समजावून सांगितलं होतं. इतकी वर्षं डोक्यावर टांगती तलवार, पहिलाच गुन्हा, आणि हे वय. आता आत टाकून काय साधणार? परक्या माणसाला हे कळलं, याचंच तिला भरून येत होतं.

बसस्टँडवर दरियावनं गरम जिलेबी घेतली. द्रोण तिच्यापुढे धरला. “खा. तुझी पंचाईतच झाली म्हणा. आता तारीख नाही, तर तुला चंदीगड कोण दाखवणार?”

शरबतीनं जिलेबीला हात लावला नाही. ती त्याच्या कानाशी सरकली.

“अहो, खटला संपला की सांगायचं ठरवलं होतं. आधी धीरच झाला नाही.”

“काय?”

“माझ्या बहिणीचं तान्हं आठवतं? तिला दूधच नव्हतं. त्या पहाटे मी कॅनमधून तांब्याभर दूध तिच्याकडे पोचवलं. सासूबाईंच्या लक्षात येऊ नये म्हणून तेवढंच पाणी ओतलं. तुम्ही शपथ घेऊन खरं सांगत होता, आणि मी मागच्या बाकावर गप्प बसून होते. तुमची तेहतीस वर्षं मी खाल्ली. आता शिव्या द्या, घराबाहेर काढा, काय ते करा.”

दरियावचा हात तसाच राहिला. पाक त्याच्या मनगटावर ओघळला, ते त्याला कळलंही नाही.

“त्या एकाच दिवशी?” त्यानं विचारलं.

“एकाच. देवाशपथ.”

“आणि एकच तांब्या?”

“एकच.”

त्यानं आजूबाजूला पाहिलं. मलिक वकील लांब तिकिटाच्या रांगेत होते. तो तिच्या कानाशी वाकला.

“शरबती, मी रोज कालव्यापाशी सायकल थांबवून अर्धी बादली ओतायचो.”