हीटरची नवी कॉइल

डायलिसिसला निघालेल्या सासूबाईंचे पाय गाडीतच भिजले. जुन्या गाडीच्या हीटरची कॉइल फुटून तिच्यातून इंजिनचं गरम पाणी गळत होतं. पाचगणीहून वाईला उतरताना वाफेने काच धुरकटली आणि गाडी चालवणाऱ्या हेमांगीला समोरचं वळण दिसेना.

"हीटर बंदच करून टाकू," घरी आल्यावर नवरा म्हणाला.

"आणि आईंनी थंडीत कुडकुडत जायचं? मी बदलते कॉइल."

रविवारी तिने अख्खा डॅशबोर्ड उतरवला. सीटवर नळ्या, तारा आणि स्क्रूंचा पसारा पडला. सासूबाई शाल गुंडाळून अंगणात बसून होत्या.

"अगं, हे सगळं परत बसेल ना?"

"बसेल, आई. बसवल्याशिवाय उठणारच नाही मी."

गळकी कॉइल निघाली, पण नवी काही केल्या आत सरकेना. अरुंद जागेत हात घालून घालून हेमांगीची बोटं सोलवटली, गारठली. शेवटी कॉइल आत सरकली आणि अंधार पडता पडता डॅशबोर्डही जागेवर बसला.

तिने इंजिन सुरू केलं, सासूबाईंना शेजारी बसवलं. थोड्या वेळाने गरम हवा येऊ लागली. खाली एक थेंबही नव्हता.

"पाय गरम झाले का, आई?"

सासूबाईंनी तिचे खरचटलेले हात ओढून हवेच्या झोतापुढे धरले.

"आधी हे शेकू दे मला," त्या म्हणाल्या.