अखेरचं न्हाणं
“आटपा मियाँ, अंधाराआधी माती द्या.” दोन वर्षांपूर्वी दारात काठी आपटत पोलीस ठाण्याचा दरोगा म्हणाला होता, तो आवाज नसीरुद्दीनच्या कानांतून गेलाच नव्हता. कोठडीतून आलेलं भाच्याचं प्रेत त्यानं एकट्यानं धुतलं आणि बाहेर ऊर बडवणाऱ्या बहिणीला सांगितलं, “झोपल्यासारखा दिसतोय, आपा.” आज हायकोर्टात आपा शेजारी उभी होती. तपास त्याच दरोग्याकडे होता. तो काढून सीबीआयला द्यावा, एवढाच तिचा अर्ज. सरकारी वकील हसले. “पोरगं पळताना जिन्यावरून पडलं, हुजूर. आता जिन्याचाही तपास दिल्लीनं करायचा?” न्यायमूर्तींनी विचारलं, “दरोग्यावरच्या संशयाला आधार काय?” नसीरुद्दीननं बहिणीचा हात धरला. “आपा, माफ कर,” तो म्हणाला. “हुजूर, मी धुतलंय त्याला. दात पडलेले, बरगड्या मोडलेल्या. पोलिसी पट्ट्याच्या बक्कलाचा ठसा पाठीत एवढा खोल रुतलेला, की त्यावरची अक्षरं बोटांना लागत होती.”