एक खोली, चार रात्री

"अगं, पण पाहुण्यांना 'खोलीचं भाडं तुमचं तुम्ही भरा' हे सांगायचं कोणत्या तोंडानं?" विश्वनाथरावांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"माझ्या," सुहासिनी म्हणाली. "तुम्ही तुमचं उघडायचंच नाही."

मुलगी स्वानंदी गुडगावच्या कंपनीत, होणारा जावई उन्मेषही तिथलाच. दोघांनी मानेसरच्या पुढचं एक रिसॉर्ट पसंत केलं होतं. चार दिवसांचं लग्न. मुलाकडचे रोज आपापल्या घरी जाणार होते, आणि हे दोघंही. प्रश्न होता तो महाराष्ट्रातून येणाऱ्या चाळीस माणसांच्या मुक्कामाचा.

तीस वर्षं, आधी लक्ष्मीबाई नगरच्या क्वार्टरमध्ये आणि आता मयूर विहारच्या फ्लॅटमध्ये, दिल्ली बघायला निघालेला झाडून सगळा गोतावळा यांच्याकडेच उतरला होता. आग्रा असो, हरिद्वार असो, वाट सुहासिनीच्या पोळपाटावरूनच जायची. स्वानंदीच्या बारशाला पाळण्याची गाणीसुद्धा या बाईनं पोळ्या लाटता लाटता ऐकली होती!

"एवढं एक कार्य मला आईसारखं बसून बघू द्या हो," ती म्हणाली. "पोरीला मुंडावळ्या बांधायच्या वेळी तरी माझे हात कणकेत नकोत."

विश्वनाथरावांना अगदी भरून आलं. त्यांनी कागद-पेन तिच्यापुढे सरकवलं.

पत्रिकेसोबतची चिठ्ठी सुहासिनीनंच लिहिली. रिसॉर्टचा पत्ता, फोन नंबर आणि खाली, 'खोली आपली आपण घ्यावी, ही विनंती.'

"परफेक्ट, आई! बिल्कुल टेन्शन नको," स्वानंदी म्हणाली.

होकार भराभर आले. जळगावच्या भाऊसाहेबांनी, म्हणजे विश्वनाथरावांच्या चुलतभावानं, 'सगळे येतोय' असं ठणकावून कळवलं. पण लग्नाला आठवडा उरला आणि रिसॉर्टच्या मॅनेजरचा फोन आला.

"साहब, अभी तक एक ही कमरा बुक हुआ है. चार रात का. पेमेंट भी आ गया."

विश्वनाथरावांनी फोन ठेवला. "बघ! चाळीस माणसांत एक खोली! कोण गं असेल तो भला माणूस?"

"असेल कुणीतरी हौशी," सुहासिनी तांदूळ निवडत म्हणाली.

"पोरीचं लग्न रिकाम्या मांडवात होणार आता."

"काही होत नाही. येतील सगळे. तुमची माणसं मी चांगली ओळखते."

मेंदीच्या दिवशी सकाळी सातला बेल वाजली. दारात भाऊसाहेब. मागे त्यांची बायको विनया, आणि तिच्यामागे वळकट्या, पिशव्या, लाडवांचे डबे घेतलेला अख्खा जिना.

"दादा, हॉटेलात कशाला पैसे घालवायचे? आपलं हक्काचं घर आहे की! बस ठरवलीय. सकाळी जायचं, रात्री इथं परत. वहिनींच्या हातची पोळी त्या रिसॉर्टात थोडीच मिळणार?"

विश्वनाथरावांचा चेहरा खुलला. "या, या! अगं, आले गं सगळे! चहा टाक!"

सुहासिनी आतून आली. अंगावर नवी साडी, पायात चपला, हातात बॅग.

"या भाऊसाहेब. कणीक मोठ्या डब्यात आहे, पोळपाट ओट्याखाली," ती हसून म्हणाली. मग नवऱ्याकडे वळली. "अहो, येते मी. खाली टॅक्सी थांबलीय. रिसॉर्टातली ती एक खोली माझी आहे."