करकोचा वाट पाहतो

“शेवट जमलेला नाही,” दिग्दर्शक फोनवर म्हणाला. “करकोचा घरटं नीट करतो, वाट पाहतो, आणि पाहतच राहतो. अहो दादा, मादी गेली हे प्रेक्षकाला सांगायचं कोणी?”

“चित्रात दिसतं की,” लेखक म्हणाला. “काडी आणतो, ठेवतो, आभाळाकडे बघतो. आणखी काय सांगायचं?”

“ते तुम्हाला दिसतं. लोक जेवता जेवता टीव्ही बघतात. एक सरळ वाक्य द्या. ‘ती आता परत येणार नाही.’ वहिनींच्या आवाजात.”

प्राण्यांवरच्या लेखकाच्या प्रत्येक माहितीपटाला आवाज बायकोचाच असे. लोक तिला ओळखायचे, त्याला कोणी हिंग लावून विचारत नसे, आणि त्याचं त्याला कौतुकच होतं.

“आणि एक,” दिग्दर्शक जरा चाचरला. तो वाहिनीत नवा होता; या दोघांना प्रत्यक्ष कधी भेटला नव्हता. “हल्ली वहिनींचं वाचन तुटक वाटतं. तुमच्या लिखाणातही तेच तेच शब्द. दलदल म्हणायचं सोडून ‘ओली जमीन’ काय लिहिता? वरचे लोक दुसरा आवाज घ्यायचा म्हणताहेत. हे शेवटचं वाक्य काळजाला भिडलं, तर मला त्यांच्याशी भांडता येईल.”

“दुसरा आवाज नको.”

“मग वहिनींना द्या फोन. कसं म्हणायचं ते मीच समजावतो.”

“तिला नको त्रास देऊस. संध्याकाळपर्यंत पाठवतो.”

त्यानं फोन ठेवला. दुसरा आवाज आला असता, तर त्याच्यापाशी लिहिण्यासारखं काहीच उरलं नसतं.

तो आतल्या खोलीत गेला. ध्वनिमुद्रण घरीच व्हायचं, तिच्या कपड्यांच्या मोठ्या कपाटात. कपड्यांमुळे आवाज घुमत नाही, ही तिचीच शक्कल. कामाच्या बाई आवरायला आल्या, की कपाटाला हात लावू नका म्हणून तो त्यांच्यावर खेकसायचा. माइक तिच्या तोंडाच्या उंचीवर होता.

“चल,” तो म्हणाला, “एकच वाक्य आहे.”

त्यानं संगणक सुरू केला आणि जुने माहितीपट उघडले. ‘ती’ पाणमांजरांच्या माहितीपटात मिळाली. ‘आता परत’ कासवांच्या माहितीपटात सलग सापडलं, ‘येणार’ हत्तींच्या. ‘नाही’ तर ढिगानं होते, पण सगळे माहिती सांगणारे, कोरडे. एकही शेवटी बसेना. दुपार टळली. मग त्यानं आजवर पुन्हा न ऐकलेला, दवाखान्यातून तिनं पाठवलेला शेवटचा निरोप लावला, “रडू नकोस रे, मला काही होत नाही,” आणि त्यातला शेवटचा शब्द कापून घेतला.